चौथ्या छिद्राचं बूच

सोमवार, २२ सप्टेंबर

आज जे झालं ते:

१. कुंभवलीकडच्या कारखान्याच्या गच्चीवरचा सोलर दुपारी सुरू झाला.
२. सगळ्या पॅनलच्या वायरी ज्यात एकत्र येतात तो कंबायनर बॉक्स जिन्याच्या दाराशेजारी भिंतीवर बसवला. जिना एकच आहे.
३. बॉक्सच्या डाव्या अंगाला चार छिद्रं. वायरींना तीन लागली. चौथ्याला बूच लावायचं.
४. तेवढ्यात आमच्या सोलर कंपनीचे साहेब फोटोसाठी आले. गच्चीवर बारीक वस्तू हरवतात, म्हणून बूच नीट ठेवलं.
५. साहेबांनी विचारलं, सगळं बंद? मी म्हटलं, बंद. उद्या होणारच आहे, म्हणजे झालंच.

मंगळवार, २३ सप्टेंबर

पालघरच्या ऑफिसात माझं सादरीकरण. विषय: बॉक्सला एकही उघडं छिद्र नको. धूळ, ओल, किडे कसे आत जातात ते चित्रांसह सांगितलं. टाळ्या.
साइटवर जाणं झालं नाही.
स्कूटरच्या डिकीत काहीतरी खडखडतं. हितेशच्या गॅरेजला दाखवायला हवं.

शुक्रवार, २६ सप्टेंबर

पॅनल धुवायला रखमाबाई आणि मंगळी येतात. जेवायला बरोबर बॉक्सखाली बसतात. तेवढीच सावली. रखमाबाईंनी जेवणाचा डबा बॉक्सच्या स्विचच्या दांड्याला अडकवला होता. म्हणाल्या, "खुंटी बरी केलीस, बाय."
मी समजावलं की खालून मेन बंद केलं तरी ऊन असेपर्यंत या बॉक्समधली वीज जात नाही. त्या म्हणाल्या, "म्हंजे आमच्यावानीच. ऊन हाय तवर सुट्टी नाय."
मंगळी बराच वेळ हसत होती. मुद्दा पोचला असावा.

सोमवार, २९ सप्टेंबर

बॉक्ससमोरची एक मीटर जागा मोकळी हवी. पिवळ्या पट्ट्याने चौकोन आखून घेतला. आता कोणी बसणार नाही.

दुपारी. दोघी चौकोनाच्या आत बसल्या आहेत. रखमाबाई म्हणाल्या, "जेवायला जागा आखून दिलीस, लय बरं झालं."
चूक रंगाची आहे. लाल हवा. मागवला.

गुरुवार, २ ऑक्टोबर. दसरा

यंत्रांची पूजा. कारखान्याचे इलेक्ट्रिशियन प्रतापदादा माकुणसारचे. घरच्या शेतातल्या नव्या भाताच्या लोंब्या, झेंडू आणि आंब्याची पानं यांच्या जुड्या बांधून आणतात. प्रत्येक मशीनला एक. बॉक्सची जुडी त्यांनी चौथ्या छिद्रात खोचली. पक्की बसली.
म्हणाले, "मॅडम, दरवर्षी चिकटपट्टीने लावतो, पडतं. तुम्ही भोक ठेवलंत ते बेस काम झालं."
मी नाही म्हटलं नाही. मग मी बुचाचं बोलले, की त्याला धूळ-पाणी रोखण्याचं रेटिंग असतं. ते म्हणाले, "दिवाळीपर्यंत काढायचं नसतं. देवाला काय रेटिंग लागतं?"
सगळे हसले. कामगारांच्या भावना जपणं हाही सुरक्षेचाच भाग आहे. शिवाय छिद्र आता बंद आहे.

सोमवार, ६ ऑक्टोबर

जुडी वाळून कडक झाली आहे. मुंग्यांची रांग लोंब्यांवरून आत जाते. म्हणजे बॉक्स आतून कोरडा आहे. चांगली खूण.
बाहेरून तापमान मोजलं. डावी बाजू उजवीपेक्षा गरम. ऑक्टोबर आहे.
खडखड वाढली आहे. स्कूटरची.

गुरुवार, ९ ऑक्टोबर

रखमाबाई म्हणाल्या, "बाय, ह्याच्यात रातकिडा हाय. दिवसाचा वराडतो."
कान लावला. किरकिर होती, मग थांबली. थांबली म्हणजे किडाच.
वासही आहे, लाह्या फुटल्यासारखा. पण तारापूरच्या कारखान्यांमध्ये कशाचा वास येत नाही?
झेंडूमधून पालीचं शेपूट दिसलं, मग आत गेलं. पाल मुंग्या खाते. प्रश्न आपोआप सुटतो आहे.
तरीही बूच सोमवारी नक्की. ते कुठे आहे, हे प्रतापदादांना विचारायला हवं. उद्यापरवा दुसऱ्या साइटवर आहे. रखमाबाईंना सांगितलं, दोन दिवस लांब बसा. त्यांनी विचारलं, "कुटं? उनात?"

सोमवार, १३ ऑक्टोबर

दुपारी, जेवणाच्या वेळी बॉक्स पेटला. आतून जाळ आला, मग जुडी भडकली. मी जिन्यात होते, हातात लाल रंगाचा डबा.
मेन बंद केलं. जाळ चालूच राहिला. ऊन होतं.
दार बॉक्सला लागून, त्यामुळे दोघींना खाली येता येईना. मंगळी पाण्याच्या टाकीमागे गेली. रखमाबाईंनी दांड्याला अडकवलेला डबा ओढून घ्यायला हात घातला.
प्रतापदादा शेजारच्या शेडवरून शिडी लावून चढले, पॅनलवर ताडपत्र्या ओढल्या. तेव्हा जाळ मेला. ती सूचना माझी असावी. मी जिन्यातून काहीतरी ओरडत होते.

मंगळवार, १४ ऑक्टोबर

बोईसरला दवाखान्यात गेले. रखमाबाईंचा उजवा हात कोपरापर्यंत गुंडाळलेला. मला बघून म्हणाल्या, "बाय, तुजा पिवला पट्टा काय जलला नाय."
मी पेरू नेले होते. ते ठेवले.
मग त्यांनी हळू विचारलं, "भात कापाया आला हाय. कोयता धरता येल ना गं?"
डॉक्टर म्हणतात, बोटं मिटतील की नाही ते आत्ता सांगता येत नाही. मी म्हटलं, येईल. ठामपणे म्हटलं. त्यांना बरं वाटलं असावं. त्या भिंतीकडे वळल्या.

बुधवार, १५ ऑक्टोबर

स्कूटर हितेशकडे नेली. त्याने डिकी रिकामी करून खडखडणारी वस्तू माझ्या हातावर ठेवली. "ताई, हे गाडीचं नाय."
काळं प्लास्टिकचं बूच, वॉशरसकट. पाकीट फोडलेलं नाही.
हे माप सगळीकडे वापरतात. तेच असेल असं म्हणता येत नाही. पर्समध्ये ठेवलं, आतल्या कप्प्यात.
साहेबांना जबाबदार कोण ते हवं आहे. संध्याकाळी पाठवलेला मेसेज, नोंदीसाठी:

श्री. प्रताप चुरी यांस. कंबायनर बॉक्सच्या चौथ्या छिद्राचं बूच कोणाकडे होतं आणि ते वेळेत का बसवलं नाही, याचं उत्तर कृपया शुक्रवार, १७ ऑक्टोबरपर्यंत द्यावं.