मोहितो आणि बिस्वास साहेब

३ एप्रिल
राइस मिलला नवे मॅनेजर आले. बिस्वास साहेब. बिस्वास म्हणजे कोलकाता, शेंबडं पोरगंही सांगेल. हेड सुपरवायझरची जागा रिकामी आहे. ती माझीच. भुपेंद्रही लाइनीत आहे म्हणे. असू दे. त्याला धानापलीकडे कल्चर नाही.

५ एप्रिल
साहेबांना घरी बोलवायचं. फ्यूजन कॉकटेल! मोहाची दारू, पुदिना, लिंबू, सोडा. नाव: मोहितो. आता मोजितोला कोण विचारतं. सोबत दोन कुझिनचे स्टार्टर. आपले लाखोरीच्या डाळीचे वडे आणि त्यांचं बेगुन भाजा, म्हणजे वांग्याचे काप. याला पेअरिंग म्हणतात. उर्वशी म्हणाली, साहेब कुठचे ते विचारलं का आधी? बायकोला आडनावावरून माणूस ओळखता येत नाही, काय करणार.

८ एप्रिल
टेस्टिंग. एकच ग्लास, असं ठरवलं होतं. पण चव हे सायन्स आहे, एका ग्लासात सिद्ध होत नाही.

९ एप्रिल, सकाळ
डोकं ठणकून राहिलं. पुदिन्याची अ‍ॅलर्जी असावी. उर्वशी बोलत नाही.

१० एप्रिल
फोनवर बंगाली शिकून राहिलो. केबिनमध्ये जाऊन म्हटलं, आपनी केमोन आछेन? म्हणजे, कसे आहात? साहेब बघतच राहिले. भारावले. तसे ते कमी बोलतात. मी बोलतो तेव्हा तर बोलतच नाहीत. भुपेंद्र त्यांच्यासोबत हायवेच्या ढाब्यावर चहा पिताना दिसला. नुसता चहा! बिचारा.

१२ एप्रिल, शनिवार, दुपार
भाजा मोहरीच्या तेलात. घरभर धूर. उर्वशी खोकत म्हणाली, वडे मी करते, तुमी फक्त बाजूला व्हा. मोहितो तयार. पुन्हा टेस्टिंग करावी लागली.

१३ एप्रिल
लिहू नये असं वाटून राहिलं. तरी लिहितो.
काल संध्याकाळी साहेब आले. मी हावडा ब्रिजवर बोललो, ट्रामवर बोललो, रसगुल्ल्यावर बोललो. साहेबांनी एक घोट घेतला, ग्लास खाली ठेवला आणि म्हणाले, काऊन जी लोकेंद्रभाऊ, चांगल्या मोहाची अशी वाट कायले लावली?
मी म्हटलं, वा साहेब, आमची झाडीबोली किती लवकर शिकलात!
उर्वशीनं कपाळावर हात मारला आणि गाव विचारलं. अरुणनगर. आपल्याच जिल्ह्यातला अर्जुनी मोरगाव तालुका! तिथली बंगाली वस्ती आपल्या जन्माआधीची. दर रविवारी मी तिथल्याच माणसाकडून मासळी घेतो. तो साहेबांचा सख्खा काका निघाला. मागच्या रविवारी मी त्याला लुटारू म्हटलं होतं.
साहेब कोलकात्याला कधी गेलेच नाहीत. भाज्याला हात लावला नाही, लहानपणी वांगी खाऊन कंटाळले म्हणे. वडे मात्र कच्च्या कांद्यासोबत सगळे संपवले आणि उर्वशीशी मोहफुलं वेचण्याच्या गप्पा मारल्या. मी मोहितोचा जग धरून बसलो. तेवढी लाज मला आयुष्यात वाटली नाही.
पण आजच्या नजरेनं पाहिलं तर साहेब आपल्या मातीचे निघाले. माझ्या फायद्याचंच.

१५ एप्रिल
भुपेंद्र हेड सुपरवायझर झाला.
मीही इन्चार्ज झालो. कोंड्याच्या गोदामाचा. स्वतंत्र कारभार. साहेब म्हणाले, तिथं बोलायला भरपूर जागा आहे.
घरी सांगितलं. उर्वशी म्हणाली, तुमी आन् कोंडा, हे पेअरिंग बरोबर जमलं. मी सडेतोड उत्तर देणार होतो, पण शिंका थांबल्या नाहीत.