डोरा मावशींचे ओठ

शनिवार, डब्लिन, ओहायो

शेजारच्या डोराबाई आज चहाला आल्या होत्या. मी त्यांना मावशीच म्हणते. तरुणपणी त्या लंडनला सिनेमात होत्या. तीनच सिनेमे, मग लग्न, मग अमेरिका. शेवटचा आज ऑनलाइन सापडला, म्हणून मी हौसेनं टीव्हीवर लावला. पडद्यावर त्या बोलायला लागल्या, तर आवाज भलताच!

"तो माझा नाही," त्या म्हणाल्या. "माझे उच्चार त्यांना खेडवळ वाटले. दुसऱ्या बाईकडून डब करून घेतलं. मला थेटरात कळलं."

पुन्हा काम मागायला गेल्याच नाहीत. कशा जाणार?

मग सोफ्यावर बसून त्यांनी सगळे डायलॉग म्हटले. आवाज न काढता. नुसते ओठ हलत होते, पडद्याशी तंतोतंत. इतकी वर्षं पाठ! कुठून दुर्बुद्धी झाली मला तो सिनेमा लावायची?

त्या गेल्या तरी ते ओठ डोळ्यांपुढून हलेनात. आणि माझं काय वेगळंय? क्लायंटला माझं इंग्लिश समजत नाही असं मॅनेजर म्हणाला, तेव्हापासून प्रत्येक कॉलच्या आधी मी वाक्यं अमेरिकन उच्चारांत घोटते.

आत्ता भांडी लावताना लेक दारात येऊन थबकली. "आई, हू आर यू टॉकिंग टू?"

मी तर आवाजही काढला नव्हता.