खांदा टेकलेला नव्हता

काल, बुधवारी, घशाच्या डॉक्टरांनी अहवाल समोर ठेवून पक्के सांगितले: स्वरयंत्र काढावे लागेल, शस्त्रक्रिया सोमवारी सकाळी. म्हणून मी, हेरंब तात्याराव मोकाशी, वय एकसष्ट, कुस्तीचा समालोचक, राहणार द्वारका, नवी दिल्ली, हे मृत्युपत्र आज लिहीत आहे. बुद्धी शाबूत आहे. दडपण कोणाचे नाही. एकाने आणून पाहिले, त्याचे नाव पुढे येईल.

१. राहते घर पत्नी इंदुमतीला, तिच्यानंतर मुलगी कादंबरीला. मजला चौथा, लिफ्ट अजून बिल्डरच्या तोंडी. इंदुमतीने तक्रार केली नाही, एवढेच म्हणाली, "जिना चढताना समालोचन नको, दम लागतो तुम्हाला."

२. बँकेतली ठेव उपचारातून उरली तर इंदुमतीची. बावीस वर्षांच्या नोंदवह्या कादंबरीला. ती दिल्लीत वाढली, "बाबा, ढाक मतलब?" असे विचारते. वहीत डावांची चित्रे काढून ठेवली आहेत.

३. नोव्हेंबर १९९५ च्या कुस्तीची मूळ टेप हवालदार संपतराव यांना; नक्कल त्यांच्याकडे आहेच. गुडगावचा सामना, नवी खासगी वाहिनी. पंचांनी संपतरावांना चीत ठरवले तेव्हा त्यांच्या उजव्या खांद्याखाली तळहात जाईल एवढी फट होती. कानात निर्माता हरिदास सांगत होता, "निकाल बोला यार, जाहिरात अडलीय." मी प्रक्षेपणात बोललो, "फैसला पंचों का है. कंधा नहीं लगा." त्यानंतर वाहिनीने मला माइक दिला नाही. त्या निकालामुळे संपतरावांचे पलटणीच्या संघातले नाव गेले. ते म्हणतात, "गावी टेप लावली की आई तुमचं वाक्य येईपर्यंत जेवत नाही."

४. गेल्या आठवड्यात हरिदास घरी आला. जुन्या कुस्त्यांची कॅसेट काढतोय. "मोकाशीसाहेब, आवाज आहे तोवर पंच्याण्णवच्या कुस्तीचं तेवढं वाक्य नवीन बोलून द्या. फक्त 'चीत' म्हणा. पुढच्या मोसमात तुमचा सत्कार, बिल्कुल पक्का." मी म्हणालो, "चहा घे. शब्द मिळणार नाही." माझ्या आवाजात त्या कुस्तीला 'चीत' म्हणणारी कॅसेट कधी निघाली तर ती खोटी समजावी आणि कादंबरीने कोर्टात जावे. निरोपाला वाहिनीने दिलेली शाल हरिदासला परत करावी. घडी मोडलेली नाही.

५. लाभार्थ्याने साक्षीदार होऊ नये, असे वकील म्हणतात. म्हणून संपतराव बाहेर जिन्यात बसले आहेत.

६. रविवारी चार वाजता छावणीच्या आखाड्यात जवानांच्या कुस्त्या आहेत. माइक माझ्याकडे आहे. पहिली जोडी लागण्याआधी मी ते १९९५ चे वाक्य पुन्हा बोलणार आहे, या वेळी मराठीतही. संपतरावांची आई मंगला एक्स्प्रेसने निघाली आहे, शनिवारी पोहोचेल. तिला पुढच्या रांगेत खुर्ची ठेवली आहे. हरिदासलाही कळवले आहे.

समक्ष सह्या केल्या:
हेरंब तात्याराव मोकाशी
साक्षीदार: माधवी दिनकर पेठे, निवृत्त शिक्षिका, पहाडगंज
साक्षीदार: विश्वजित हिरवे, शेजारी, स्पर्धा परीक्षेचा विद्यार्थी
द्वारका, गुरुवार, १२ मार्च १९९८