गाजराच्या वाफ्याची माती

प्रिय आप्पा,

कडोदऱ्याला आता सकाळी थोडा गारवा असतो. घरामागचा वाफा मी खणून घेतला आहे. बारा फूट बाय चार फूट, सव्वा फूट खोल. चार रविवार लागले. तुम्हाला दोन लागले असते. काळी माती वाळून इतकी घट्ट झाली होती की आधी पाणी सोडून मुरू द्यावं लागलं. वाफसा आल्यावर ढेकळं फोडली, खडे वेचले. वाटेत खडा लागला की गाजराला दोन पाय फुटतात, हे तुमचंच वाक्य. ताजं शेण घातलं नाही. जुनं कुजलेलं खत आणि आठ पाट्या तापीची वाळू घातली. माती मुठीत दाबून सोडली की मोकळी होते. शेजारच्या कमलमावशींनी कुंपणावरून विचारलं, गाजरं लावतेस की विहीर पाडतेस. राख मात्र अजून घातलेली नाही.

तुम्ही अमळनेरला गेल्याला सहा महिने झाले. आत्या सांगते, तुम्ही तिच्या परसात उतरत नाही आणि ताटात गाजर-मुळा आला की बाजूला सारता. याचं कारण तिला माहीत नाही. मला आहे.

माय मार्चमध्ये गेली, मूत्रपिंडं निकामी होऊन. एप्रिलमध्ये मी वाफ्याची माती इच्छापोरच्या आमच्या प्रयोगशाळेत तपासली. शिसं मर्यादेच्या चौपट निघालं. उधन्याच्या मिलमध्ये बॉयलरवर असताना तुम्ही तिथली भुशाची राख पोत्यानं आणून या मातीत मिसळायचात, माती भुसभुशीत राहावी म्हणून. मी कागद तुमच्यासमोर ठेवला आणि म्हणाले, "हे राखेतून आलंय. माय हेच खात होती."

तुम्ही कागद हातात घेऊन वाचलात. मग म्हणालात, "म्हणजे मीच हे तिच्या ताटात वाढत होतो." दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही अमळनेरला जायला भुसावळची गाडी धरलीत.

आप्पा, तो नमुना चुकीचा होता. नव्या मुलांना मी पहिल्याच दिवशी शिकवते की एका जागची मूठभर माती म्हणजे नमुना नव्हे. नागमोडी चालत नऊ ठिकाणची माती घ्यायची आणि ती एकत्र करायची. त्या दिवशी माझ्यानं वाफ्यात पाय टाकवला नाही. वाफ्याबाहेरच, फाटकाकडच्या कोपऱ्यातली एक मूठ उचलली आणि निघाले. पुढे कमलमावशींकडून कळलं की आपल्या आधीचा भाडेकरू त्याच कोपऱ्यात शिशासाठी जुन्या बॅटऱ्या फोडायचा. मग मी नीट नमुने घेतले. वाफ्याची माती ठीक आहे. पोत्यात उरलेली राखही वेगळी तपासली, तीही ठीक आहे. तुमच्या गाजरांनी मायला काही केलं नाही.

हा दुसरा कागद जूनपासून माझ्या कपाटात आहे. तो का पाठवला नाही, हे सांगण्यासाठी हे पत्र आहे. गेल्या वर्षीची पेरणी तुम्हाला आठवत असेल. तुम्ही राखेत कालवलेलं बी टाकत पुढे गेलात, आणि दर वर्षीसारखी माय अनवाणी पावलांनी ते दाबत मागून आली. तिच्या पावलांचे ठसे नेहमीपेक्षा मोठे उमटले होते. तुम्ही मला बोलावून दाखवलंत, म्हणालात, हिला दवाखान्यात ने. माझ्या कामाचं ऑडिट होतं. मी म्हणाले, "माती ओली आहे, म्हणून तसं दिसतंय." जानेवारीत नेलं तेव्हा डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, सूज कधीपासून आहे. पेरणीपासून, हे मला ठाऊक होतं. पुढे शिशाचा आकडा आला तेव्हा मला सुटल्यासारखं वाटलं होतं. माती दोन्ही वेळा निर्दोष होती, आप्पा. तुम्हीही. दुसरा कागद सोबत जोडला आहे. बी अजून पुडीत आहे आणि राखेचं पोतं दाराशी काढून ठेवलं आहे. तुम्हाला मला जे बोलायचं असेल ते इथे येऊन बोला, आणि मग पेरा.

तुमचीच,
साक्षी