बक्षिसाच्या चिठ्ठीखाली

प्रिय बाना,

खरं सांग, अक्षदाला माझ्याकडे तूच पाठवलंस ना? परवा तुझी ही नात अचानक माझ्या दारात उभी राहिली. विद्यापीठात शिकते, पूर्वी लहान मुलांसाठी छापायचे त्या नीतिबोधाच्या पुस्तकांवर काहीतरी लिहिते आहे, म्हणाली. वर हेही सांगितलं, "आजी म्हणली, दीपमालाकडं एखादं असंलच." असंलच! तू अजिंठ्याला, मी इथं सिडकोत. माझ्या कपाटात काय आहे हे तुला तिथून कसं दिसतं? पन्नास वर्षांत आपण दोनदा भेटलो, तेही लोकांच्या लग्नात, आणि दोन्ही वेळा तू शाळेच्या पुस्तकांचा विषय काढला होतास. मी विसरलेली नाही.

पोरगी गोड आहे, पण तिची नजर मला आवडली नाही. मी चहा ठेवायला आत गेले तेवढ्यात तिनं कपाटातून नेमकं तेच पुस्तक काढलं. आपल्या दौलताबादच्या शाळेत बक्षीस द्यायचे ना, प्रत्येक गोष्टीखाली ठळक अक्षरात 'तात्पर्य' छापलेलं, ते. शिक्षिका झाल्यावर तीस वर्षं मी त्यातूनच मुलांना 'खोटं बोलू नये' शिकवत आले. बक्षिसाची नावाची चिठ्ठी चिकटवलेलं पहिलं पान तिनं उजेडात धरलं. म्हणाली, "चिठ्ठी कसरीनं खाल्लीय वो आजी. खाली अजून एक चिठ्ठी दिसती." जुन्या पुस्तकांत असतंच असं, म्हणत मी ते काढून घेतलं. मग तिनं चहा घेतला. रविवारी फोटो काढायला येते, म्हणाली.

तेव्हापासून माझं कशात लक्ष नाही. फोन वाजला की वाटतं तुझाच. कामाला येणारी पारूबाई कपाट पुसायला लागली की मी तिच्या मागे जाऊन उभी राहते. काल ती वैतागून म्हणाली, "बाई, पुस्तकं नेऊन मी काय करू? मला वाचाया येतंय व्हय?"

तुला तो जून आठवतो का? चौथीची परीक्षा झाली आणि तू मेंढरांमागे आई-बापाबरोबर गेलीस, ती निकालालाही नव्हतीस. परत आलात तेव्हा तुझे वडील सोनाजी आमच्या ओट्यावर बसून तात्यासाहेबांना म्हणाले होते, "शाळेला पोरीत काय दिसलं असतं, तर ठिवली असती मावशीपाशी, पुढं शिकाया." तात्यासाहेब, माझे वडील, हेडमास्तर, पण कमी बोलणारे. त्यांना वाटलं, शाळेला काय दिसलं ते सोनाजींना कळलेलं आहे, तरी त्यांना नाही शिकवायचं. ते गप्प बसले. मी दाराआड उभी होते, मीही गप्प बसले.

बाना, त्या वर्षीचं सद्वर्तनाचं बक्षीस तुला होतं. घरच्या मुलीला बक्षीस देणं तात्यासाहेबांच्या तत्त्वात बसत नव्हतं, आणि मला ते पुस्तक फार हवं होतं. बाना आली की दे, म्हणून त्यांनी ते माझ्याच हाती दिलं. मी त्यांच्या टेबलातून कोरी चिठ्ठी घेतली, तिच्यावर माझं नाव लिहिलं आणि कणकेची खळ करून तुझ्या नावावर चिकटवली. तुम्ही परत आल्यावर, सोनाजी ओट्यावर येण्याआधीच, दिलंस का असं त्यांनी विचारलं तेव्हा मी हो म्हणाले. दहा वर्षांची होते, पण ओट्यावरचं ते वाक्य मला कळत होतं. रविवारी अक्षदा येईल, तिच्याबरोबर पुस्तक पाठवते. तिच्याकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावं, म्हणून हे पत्र. आज पाण्याचा हात लावून माझी चिठ्ठी सोडवली. खाली तात्यासाहेबांच्या अक्षरात तुझं नाव अजून स्वच्छ आहे. चौथीत तू माझ्यापेक्षा भराभर वाचायचीस. आता सवय राहिली आहे की नाही ठाऊक नाही, म्हणून अक्षर मोठं काढलंय. हे दुसऱ्या कुणाकडून वाचून घेऊ नकोस, तूच वाच.

अजून म्हणू देत असशील तर, तुझीच
दीपमाला