पडद्यामागचे ताराचंद

पुणे, ५ जानेवारी २०२५

ती. आईस सविनय जय भीम. वि. वि.

चिचगडला फोन लागत नाही, म्हणून यंत्रावर सिनेमा काढणारा तुझा लेक कागदावर लिहितो आहे. हस हवं तर. सिनेमात एक माणूस मरतो, त्याचं मन यंत्रात भरतात आणि बायको त्या यंत्राशी बोलते. ती बायको तू व्हायचंस. नट्या पाहिल्या. रडतात सुरेख, पण सूप धरून पाखडता एकीलाही येत नाही.

आवाज बाबांचा आहे. झाडीपट्टीच्या नाटकांत ते पडद्यामागून नटांना विसरलेली वाक्यं सांगायचे; लोक त्यांना 'पडद्यामागचे ताराचंद' म्हणायचे. जुन्या कॅसेटींतून संगणकाने त्यांचा आवाज वेगळा काढला. आता ते काहीही बोलतील! शूटिंग घरीच करू. तोवर लोभ असू दे, नंतर राहील की नाही कोण जाणे.

तुझा संघदीप

चिचगड, १४ जानेवारी

चि. संघदीप यास अनेक आशीर्वाद.

धान घरी आले. जिवंतपणी तुझ्या बाबांना माझ्याशी चार शब्द बोलायची फुरसत नव्हती, आता काहीही बोलतील म्हणतोस. बरी प्रगती आहे. मोनाली म्हणते, आई, कायले हो म्हणून राहिली, रडशील. पण सहा वर्षं झाली तो आवाज ऐकून. त्यासाठीच हो म्हणते, सिनेमासाठी नाही. संवाद पाठव. मी चुकायची नाही. मोनालीलाही दोन ओळी लिहीत जा, बहीण आहे तुझी.

तुझी आई

पुणे, २० फेब्रुवारी

ती. आईस सविनय जय भीम.

शूटिंग आटोपून पुण्याला पोचलो. रागावलो नाही, पण विचारतो. 'ओळखलं तुम्हाला, पण' एवढं म्हणून तू सातदा अडलीस. मोनाली सांगते, तुला सगळं पाठ होतं. यंत्र एकदाही चुकलं नाही. कॅमेरावाला हिमांशू तर तुझी अडखळच ठेवू म्हणतो, असा अभिनय शिकवून येत नाही म्हणे. काऊन थांबलीस?

संघदीप

चिचगड, २ मार्च

चि. संघदीप यास आशीर्वाद.

अभिनय नव्हता. तुझे बाबा नट अडला तरच बोलायचे, नाहीतर चूप. म्हणून मी मुद्दाम अडले. आवाज अगदी त्यांचाच होता रे. पण सातही वेळा यंत्रानं आपलंच वाक्य म्हटलं, माझं सांगितलं नाही. इतकी वर्षं वाटायचं, मी कुठं अडले तर ते मागून सांगतील. आठव्यांदा मी माझं मीच बोलले. ते गेले, हे मला त्या दिवशी कळलं.

हिमांशूला म्हणावं, ठेव. कॅसेटी मात्र परत पाठव. त्यात ते अडलेल्याला सांगतात. जेवत जा वेळेवर.

तुझी आई अन्नपूर्णा