मडगार्डवरची जागा

मंगळवार, दिवेलागण. शिनोली.

आज एक फाइल परत आली. घरी बसून दवाखान्यांच्या अपघात-नोंदींना, कोण कुठं बसून कसा जखमी झाला त्याचे, कोड लावते, पण अशी चूक पहिलीच. शेतात ट्रॅक्टर उलटला, मडगार्डवर बसलेला माणूस जखमी. मी प्रवाशाचा कोड लावला. तपासणाऱ्या मॅडमचा फोन आला, "ताई, मडगार्ड म्हणजे गाडीच्या बाहेर. त्याला वेगळा कोड आहे."

"मॅडम, आमच्याकडं तीच बसायची जागा हाय."

त्या हसल्या. मी कोड बदलला.

बाहेर कसं? लग्नापासून आमचे हे ट्रॅक्टर चालवायचे आणि मी मडगार्डवर, ह्यांचा खांदा धरून. हे वारले तेव्हापासून ट्रॅक्टर शेडमध्ये उभा आहे. मघाशी जाऊन मडगार्डवर बसले. हात सवयीनं खांद्याकडं गेला आणि सीटच्या पत्र्यावर पडला.

आता मॅडमचंच बरोबर असेल.